मेस्तोलोची बायको जिन्यावरून पडते

आमचं कोराल्लो घराणं कसरतवाल्यांचं. आजोबा दोरीवर चालायचे, वडील झुल्यावर, आणि आई कोलांट्यांची. मी चार वर्षांची असताना आईनं मला आमच्या घोडागाडीच्या पायरीवरून ढकललं. मी रडत उठले तेव्हा तिनं एवढंच सांगितलं की हनुवटी छातीला लावायची, श्वास सोडून द्यायचा आणि पडताना हातानं काही धरायला जायचं नाही. मग पुन्हा ढकललं. तिसऱ्यांदा मी रडले नाही.

वडील गेले, घोडे विकले, तंबू एका वादळात फाटला तो पुन्हा कोणी शिवला नाही. आई आणि मी तोरिनोला आलो. तेव्हा इटलीतल्या त्या शहरात सिनेमाचे कारखाने कुत्र्याच्या छत्र्यांसारखे उगवत होते. आमच्या कंपनीचं काचघर दोरा नदीच्या काठाला होतं. भिंती काचेच्या, छप्पर काचेचं, कारण सूर्याशिवाय दुसऱ्या दिव्यावर आमचा भरवसा नव्हता. ढग आला की सगळे पत्ते कुटत बसायचे, ऊन पडलं की हातातले पत्ते टाकून धावायचे. उन्हाळ्यात आत भट्टी आणि हिवाळ्यात बर्फाचं घर. पांढऱ्या बशा पडद्यावर डोळ्यांत खुपतात म्हणून आम्ही त्या कॉफीच्या पाण्यात बुडवून काढायचो. आजही पिवळट बशी दिसली की मला त्या काचघराचा वास येतो.

दर आठवड्याला आमचा एक विनोदी सिनेमा निघायचा, आठ-दहा मिनिटांचा. त्यातला नायक मेस्तोलो. मेस्तोलो म्हणजे पळी, आणि एलीजिओ वारेत्तो दिसायचाच तसा. लांबलचक देह आणि वर वाटीसारखं गोल डोकं. आम्हाला काय करायचं ते सांगणाराही तोच. मेस्तोलो शिंपी होतो, मेस्तोलो द्वंद्व खेळतो, मेस्तोलोला सर्दी होते, असं काहीही. शेवट एकच. सगळं घर कोसळायचं.

मी मेस्तोलोची बायको. दार उघडायचं, कपाळावर हात मारायचा, नवऱ्याच्या मागे धावायचं. मी दोन वर्षं ते करत होते, आणि त्या दोन वर्षांत मला एकदाही पडू दिलं नव्हतं.

पडायची वेळ आली की नाताले, आमचा कॅमेरावाला, हँडल फिरवायचं थांबवायचा. तो फिरवताना लष्करी बँडची एक चाल गुणगुणायचा, वेग सारखा राहावा म्हणून. गुणगुणणं थांबलं की वारेत्तो ओरडायचा, "थांबा." मग जो जसा असेल तसा पुतळा. कोणाचा पाय हवेत, कोणाचा काटा तोंडापाशी. पापणीसुद्धा जपून हलवायची, कारण तेवढ्या वेळात कोणी हात हलवला तर पडद्यावर तो हात टुणकन दुसरीकडे दिसणार आणि सगळी लबाडी उघडी पडणार. पुतळ्यांच्या मधून मी तेवढी बाहेर यायची. माझ्या पायांभोवती खडूच्या खुणा असायच्या, त्या खुणांवर पडायच्या कामाला ठेवलेला सेकोन्दो पाउतास्सो येऊन उभा राहायचा. माझ्यासारखाच झगा, माझ्यासारखाच केसांचा टोप, टोपावर माझ्यासारखीच टोपी. नाताले पुन्हा गुणगुणायला लागला की सेकोन्दो धाडकन पडायचा.

सेकोन्दो भला माणूस होता. पण पडायचा पोत्यासारखा. बघताना माझ्या पाठीत कळ यायची.

मी वारेत्तोला तीनदा विचारलं. पहिल्यांदा तो हसला. दुसऱ्यांदा म्हणाला की झगा वर गेला तर पोलीस येतील. मी म्हटलं, आत पायघोळ विजार शिवून घेते. तिसऱ्यांदा त्यानं मला जवळ बसवलं आणि लहान मुलीला समजवावं तसं समजावलं.

"एर्सिलिया, झग्यातला पुरुष पडला की लोक हसतात. बाई पडली की लोक हसत नाहीत. हात द्यायला उठतात. मी लोकांना उठवायला सिनेमे काढत नाही."

घरी आईला हे सांगितलं. ती कांदा चिरत होती. ती म्हणाली, "मी तीस वर्षं पडले. एक मेला उठला नाही." आणि कांदा चिरत राहिली.

मला दुसरं काही येत नव्हतं. मी देखणी नव्हते, मला डोळे भरून रडता येत नव्हतं. जे येत होतं ते माझ्यासारखे कपडे चढवून दुसरा करत होता, आणि वाईट करत होता. दूध घालणारा एकदा मला म्हणाला, बाई, सिनेमात तुमच्या पोटऱ्या भलत्याच दणकट दिसतात. त्या दिवशी मी ठरवलं.

१९१२ चा फेब्रुवारी. सिनेमा होता मेस्तोलो सासूला जेवायला बोलावतो तो. काचघरात लाकडी जिना बांधला होता, अकरा पायऱ्यांचा. खाली टेबल मांडलेलं, सासू म्हणून क्लोतिल्देबाई बसलेल्या, दोन पाहुणे शेजारी. मेस्तोलो सुपाचं मोठं भांडं घेऊन जिन्याखालून जाणार, घसरणार, सूप स्वतःच्या अंगावर घेणार. वर उभी असलेली बायको ते बघून दचकणार आणि अकरा पायऱ्या गडगडत येऊन टेबलासकट सगळ्यांना आडवं करणार.

सूप म्हणजे पीठ, पाणी आणि लाकडाचा भुसा. वारेत्तोच्या अंगावर ते पडलं तेव्हा सगळं झकास जमलं होतं. त्याचा तो शेवटचा चांगला कोट होता. आधीच्या दोन खेपांत दोन कोट गेले होते. ऊन कडक होतं, पण सुपेर्गाच्या टेकडीकडून एक ढग सरकत येत होता, तो काचेतून सगळ्यांना दिसत होता.

वारेत्तो ओरडला, "थांबा." आणि तसाच राहिला. एक पाय वर, कानांतून भुसा ओघळतोय, तोंड आ वासलेलं. क्लोतिल्देबाईंच्या हातात काटा, काट्याला रुंद शेवयांचा गुंता. पाहुणे मागे कललेले.

सेकोन्दो जिन्याच्या पाठीमागून वर आला. मी खडूच्या खुणांवर उभी होते. हलले नाही.

"बाई, व्हा बाजूला," तो हळूच म्हणाला.

मी म्हटलं, "नाही."

त्याला वाटलं मी मस्करी करतेय. त्यानं माझ्या कोपराला हात लावला. मी त्याला सांगितलं की ओढलंस तर दोघं पडू, आणि मला पडता येतं, तुझं तू बघ.

खाली गोंधळ उडायला हवा होता, पण उडेल कसा? हलायचंच नव्हतं कोणी. मला खेचून काढायला वारेत्तोनं वर पळत यायला हवं होतं, आणि वारेत्तो एका पायावर उभा होता, अंगावर शेवटचा कोट घेऊन. तो तसाच आ वासल्या तोंडानं शिव्या द्यायला लागला. ओठ मिटायची सोय नसल्यामुळे त्याला प, ब, म यातलं एकही अक्षर म्हणता येईना. एवढा दरारा असलेला माणूस, पण त्या शिव्यांत काही दम राहिला नाही. पाहुण्यांपैकी एकाचं पोट गदगदायला लागलं, ते त्यानं श्वास कोंडून आवरलं.

मी वरून म्हटलं, "वारेत्तो, मी पडणार. माझ्या पायानं जिना चढले, माझ्या पाठीनं उतरणार. तुम्हाला नको असेल तर कोणालातरी मला धरायला पाठवा. जो हलेल त्याच्यामुळे सिनेमा गेला."

कोणी हललं नाही. सेकोन्दो माझ्या मागे उभा राहून कुजबुजला की बाई, माझं पोट यावर आहे. हे खरं होतं आणि मला ते लागलं. मी त्याला उत्तर द्यायच्या आधीच क्लोतिल्देबाई बोलल्या. चाळीस वर्षं नाटकात घालवलेली बाई, ओठ न हलवता अख्ख्या नाट्यगृहांना त्यांनी ऐकवलं होतं.

"सेकोन्दो, माझ्या वाटचं पडायला तू आहेसच. मी काही या वयात पडत नाही. इतर सिनेमांत शेजारीण आहे, नन आहे, पाववाली आहे, त्यांचंही पड हवं तेवढं. आणि पोरी, माझा हात भरून आलाय. शेवया निसटताहेत. पड एकदाची."

एक शेवई काट्यावरून लांब होत होत टेबलक्लॉथवर पडली. सगळे तिच्याकडे बघत राहिले.

"ढग आला," नाताले म्हणाला. तो फार बोलणारा माणूस नव्हता. त्यानं वर बघितलं, मग वारेत्तोकडे, मग माझ्याकडे. "मिनिटभर ऊन आहे. मी फिरवतोय."

सेकोन्दो झगा सावरत जिन्याच्या मागे उडी मारून दिसेनासा झाला. नाताले गुणगुणायला लागला.

मी दचकले, जसं ठरलं होतं तसं. मग श्वास सोडला.

पडणं कसं असतं ते मी आयुष्यभर लोकांना सांगायचा प्रयत्न केलाय. पहिल्या पायरीला भीती असते. तिसरीला नसते. नंतर पायऱ्या तुम्हाला हातोहात खाली देत जातात. मी पाचव्या पायरीवर उलटी झाले, आठव्यावर सरळ, आणि टेबलावर अशी आले की क्लोतिल्देबाईंच्या मांडीत अख्खा पाव जाऊन बसला आणि त्यांना केसाइतकाही धक्का लागला नाही. पाहुणे खुर्च्यांसकट मागे गेले. आणि वारेत्तोनं, हे मी त्याच्या बाजूनं सांगितलंच पाहिजे, कॅमेरा चालू आहे म्हटल्यावर राग गिळला आणि सुपावरून घसरत माझ्यापर्यंत आला. अस्सल कलावंत होता तो. मी उठले, भांड्याचं झाकण उचललं आणि त्याच्या डोक्यावर ठेवलं. ते ठरलेलं नव्हतं. नाताले फिरवत राहिला.

मग ऊन गेलं.

वारेत्तो अंगावरचा भुसा झटकत माझ्यासमोर उभा राहिला. सगळ्यांना वाटलं तो मला हाकलून देणार. त्यानं एवढंच म्हटलं की बघू. हॉलमध्ये बघू. एक माणूस जरी अरेरे म्हणत जागचा उठला, तर पुन्हा दार उघडायचं, कपाळावर हात मारायचा आणि पुन्हा पडण्याचं नाव काढायचं नाही. मी म्हटलं, कबूल.

पुढच्या पंधरवड्यात रविवारी दुपारी पोर्ता पालात्सोच्या बाजाराजवळच्या एका हॉलमध्ये तो सिनेमा लागला. मी आईला घेऊन गेले. स्वतःचा खुबा दुखत होता तरी आईनं गॅलरीतलं तिकीट घ्यायला लावलं, वरून पाठ नीट दिसते म्हणून. वारेत्तोही आला होता, दाराजवळ भिंतीला टेकून. आपला सिनेमा बघायला तो कधी यायचा नाही, लोकांचं हसणं ऐकायला यायचा.

पियानोवाली वाजवत होती. पडद्यावर मेस्तोलो घसरला, सूप उडालं. मी जिन्यावर दिसले आणि इकडे मी गॅलरीचा कठडा घट्ट धरला. तेवढी भीती मला जिन्यावर वाटली नव्हती. मी पडले. आणि हॉल असा हसला की पियानो ऐकू येईना. पुढे बाजारवाल्या बायका होत्या, त्या एकमेकींच्या पाठीवर थापा मारत होत्या. मी खाली वाकून रांगन् रांग बघितली. एकही माणूस उठला नव्हता.

"आठव्या पायरीला डावा खांदा उशिरा आत घेतलास," आई म्हणाली. तिच्याकडून ते कौतुकच होतं.

मी खुशीत होते तोच माझ्या पलीकडे बसलेली बाई तिच्या बहिणीला सांगू लागली. बाजारात कांदे-लसूण विकणारी ती, अंगाला वास होता. ती म्हणाली की हा पुरुष आहे, मला माहीत आहे, असं करतात ते. मधेच बदलतात. बघितलंस ना गुडघे? बाईचे असे असतात का? बहीण म्हणाली, हो तर, आणि पडला कसा दणकन. मागच्या रांगेतल्या एकानं दुजोरा दिला. त्याचा मेव्हणा म्हणे अशा कारखान्यात सुतार होता. हां हां म्हणता अर्ध्या गॅलरीचं एकमत झालं.

फीत बदलायला दिवे लागले. मी जिन्याकडे आले तर वारेत्तो खालून वर येत होता. गॅलरीतलं सगळं बोलणं त्याला खाली ऐकू गेलं होतं. तो चिडलेला नव्हता, उलट मायेनं बोलत होता, आणि तेच मला सहन झालं नाही.

"जिंकलीस तू. कोणी उठलं नाही. पण का उठले नाहीत ते ऐकलंस ना? त्यांना वाटलं सेकोन्दो आहे. मग सेकोन्दोलाच पडू दे की. तुझी हाडं का मोडायची फुकट?"

मी पडले होते आणि माझं पडणं कोणी बघितलंच नव्हतं. माझा झगा माझ्या अंगावर होता, माझी पाठ माझी होती, आणि तरी ते दुसऱ्याच्या नावावर गेलं होतं. माझ्या अंगावर रविवारचा निळा झगा होता, आईनं शिवलेला, एकुलता एक. गॅलरीचा जिना सरळ खाली हॉलमध्ये उतरत होता. मी पायऱ्या मोजल्या. चौदा. लाकडी, कडांना पितळ.

मी वारेत्तोला म्हटलं, "जरा सरका." आईनं लांबून ते बघितलं आणि मोठ्यानं म्हणाली, "खांदा."

मी चौदाच्या चौदा पायऱ्या उतरले. खांदा वेळेवर आत घेतला. खाली पहिल्या रांगेपाशी पाठीवर आले, टोपी माझ्या आधीच पोचली होती.

मग खुर्च्या वाजल्या. एक, दोन, दहा माणसं उठली, हात पुढे करून, अरे बापरे करत. पियानोवाली स्टूल ढकलून धावली. वारेत्तो वरच्या पायरीवर उभा होता आणि त्याच्या चेहऱ्यावर स्पष्ट लिहिलं होतं, बघ, मी सांगत नव्हतो?

मी बसते झाले. गुडघा खरचटला होता, बाकी काही नाही.

"कोणी हात द्यायचा नाही," मी म्हटलं. "बसा खाली सगळे. आत्ता पडद्यावर पडली ती मी. पुरुष समजून पोट धरधरून हसलात. आता बाई पडली तर रडायला काय झालं?"

लोक उभेच. तेवढ्यात जिना दणदणला. कांदे विकणारी बाई खाली येत होती, एकेक पायरी, कठड्याला धरून. ती माझ्यासमोर आली, धापा टाकत वाकली आणि भर हॉलमध्ये माझा झगा गुडघ्यापर्यंत वर केला. पोटरी दाबून बघितली. गुडघा दाबून बघितला. बाजारात भोपळा बघावा तसा. मग सरळ उभी राहिली आणि हॉलकडे वळून गंभीरपणे जाहीर केलं,

"बाईच आहे."

हॉल फुटला. मी इतकी वर्षं तंबूत, सिनेमात, नंतर नाटकातही लोकांना हसवलं, पण तसं हसणं पुन्हा ऐकलं नाही. उठलेले खाली बसले ते बसायचं ठरवून नाही, हसून पाय गळाले म्हणून. कोणीतरी ओरडलं, परत एकदा. मी उठले, टोपी झटकली आणि म्हटलं की परत बघायचं तर परत तिकीट काढा.

वारेत्तो खाली आला तेव्हा हसतच होता. डोळे पुसत म्हणाला की ठीक आहे, यापुढे तुझं तू पड. पण मी आता तेवढ्यावर ऐकणार नव्हते. आमच्या सिनेमांची एक रीत होती. सगळं कोसळून झालं की मेस्तोलो कॅमेऱ्याच्या अगदी जवळ यायचा, एवढा जवळ की पडदाभर त्याचं तोंड, आणि लोकांकडे बघून वेडावून दाखवायचा. ते संपलं की दिवे. मी म्हटलं की ज्या सिनेमात मी पडेन त्याच्या शेवटी ते तोंड माझं. टोपी काढून, केस सोडून. म्हणजे कोणाला पोटरी दाबायला नको.

वारेत्तोचं हसणं तिथंच थांबलं. पडणं त्यानं दिलं होतं, शेवटचं तोंड द्यायला तयार नव्हता. सोमवारी नाही म्हणाला, मंगळवारी नाही म्हणाला. मी रोज काचघरात जायचे, झगा चढवायचे आणि खुर्चीवर बसून राहायचे. बुधवारी क्लोतिल्देबाई माझ्या शेजारी खुर्ची ओढून बसल्या, त्यांनी विणकाम आणलं होतं. गुरुवारी सेकोन्दो येऊन बसला. त्याला म्हणे गुडघ्याला आराम हवाच होता. शुक्रवारी लख्ख ऊन पडलं. वारेत्तोनं आम्हा तिघांकडे बघितलं, काचेतून वर बघितलं, आणि नातालेला म्हणाला की घे बाबा हिचं तोंड, ऊन वाया चाललंय.

मी कॅमेऱ्यासमोर आले. नाताले म्हणाला, अजून जवळ. अजून. मला कॅमेऱ्याच्या काचेत माझंच तोंड उलटं दिसायला लागलं. मी टोपी काढली, टाचण्या उपसल्या, केस खांद्यावर आले. वारेत्तोनं बाजूनं सुचवलं की जरा लाजून दाखव. मी जीभ बाहेर काढली.

ते तोंड असलेला सिनेमा लागल्यावर महिनाभरानं मी बाजारात गेले होते. कांदेवाल्या बाईनं मला लांबूनच हाक मारली आणि दोन जुड्या लसूण पिशवीत कोंबला. म्हणाली, जिने आता बघून झाले, पुढच्या वेळी खिडकीतून पड.

मे महिन्यात मी खिडकीतून पडले.